भुसावळात शून्य अंश

मे महिन्यातली दुपार होती. कूलरमध्ये दुसऱ्यांदा पाणी भरून झालं होतं, आई मधल्या खोलीत कैरीच्या फोडींना मीठ-हळद चोळत बसली होती आणि भाची लॅपटॉपकडे बघत म्हणाली, "मामा, ह्याच्या हिशेबाने भुसावळात आत्ता बर्फ पडायला पाहिजे."

मी खुर्ची ओढून बसलो. फॅरनहाइटचं सेल्सिअस करायचा तो प्रोग्रॅम होता. तिने ११३ टाकले होते, उत्तर ०.००००००. मग १०० टाकून बघितले, शून्य. २१२ टाकले, म्हणजे उकळतं पाणी, तरी शून्य. आणि खिडकीबाहेर पंचेचाळीस अंशांत रस्त्यावर कुत्रंसुद्धा नव्हतं.

"पुस्तकातलाच आहे हा प्रोग्रॅम," ती म्हणाली.

"जसाच्या तसा?"

"हो. म्हणजे पुस्तकात ५.० भागिले ९.० होतं. ते पॉइंट शून्य मला उगीच शोभेचं वाटलं. काढून टाकलं."

पहिल्या सेमिस्टरचा सी, म्हणजे सी या प्रोग्रॅमिंगच्या भाषेचा पेपर, तिचा राहिला होता. जूनमध्ये पुन्हा बसायचं होतं, म्हणून आजोळी येताना कपड्यांपेक्षा पुस्तकंच जास्त आणली होती. ताईने फोनवर मला दम दिला होता, "तू इंजिनिअर ना? मग बघ जरा तिच्याकडे." मी डिप्लोमावाला, पण बहिणीच्या लेखी इंजिनिअरच.

उत्तर माझ्या जिभेवर होतं. ते गिळलं आणि म्हणालो, "पाचाला नवाने भाग घाल. तिसरीत घालायचीस तसा. दशांश चिन्ह अजून शिकवलेलं नाही असं समज."

"भागाकार शून्य, बाकी पाच," ती पटकन म्हणाली, आणि थांबली. "अरे! आणि शून्याला कशानेही गुणलं तरी..."

सीला दोन्ही बाजूंना पूर्णांक दिसले की तो तिसरीतल्यासारखाच भाग घालतो. भागाकार ठेवतो, बाकी सोडून देतो. बाकी हवी असेल तर टक्क्याचं चिन्ह वेगळं आहे. एका बाजूला जरी पॉइंट शून्य दिलं की मग तो दशांशाच्या वर्गात जाऊन बसतो. तिच्या पुस्तकात हे एका ओळीत दिलेलं होतं आणि तिने त्या ओळीखाली पिवळी रेघही मारलेली होती. पण ती ओळ तिला कळली ती हा शून्य बघितल्यावर.

हे उदाहरण फार जुनं आहे. सी ज्यांनी घडवली ते डेनिस रिची आणि त्यांचे अमेरिकेतल्या बेल लॅब्ज या संशोधन संस्थेतले सहकारी ब्रायन कर्निहन यांनी १९७८ साली या भाषेचं पहिलं पुस्तक काढलं, त्यात पहिल्याच प्रकरणात फॅरनहाइट-सेल्सिअसचा तक्ता आहे. तिथे आधी पाचाने गुणून मग नवाने भागलंय, आणि असं का केलं तेही सांगितलंय. पहिल्या प्रोग्रॅमने 'हॅलो, वर्ल्ड' छापायची रूढीही त्याच पुस्तकाने जगभर नेली. पण ते पुस्तक नवशिक्यांसाठी नाही, असं त्याच्या लेखकांनीच प्रस्तावनेत स्पष्ट लिहून ठेवलंय. नवशिका वाचू शकेल, मात्र जवळ कुणी जाणकार असला तर बरं, अशा अर्थाचं काहीतरी. आपल्याकडे नवशिक्यांसाठी वेगळी पुस्तकं भरपूर निघाली आणि त्यांनी आमच्या पिढीला तारलंही. जाणकाराची अट तेवढी सगळे विसरले.

माझी आणि सीची पहिली गाठ पडली २००१ मध्ये, पॉलिटेक्निकला. मी दहावीपर्यंत मराठी माध्यमात. व्हेरिएबल म्हणजे चल, कॉन्स्टंट म्हणजे स्थिरांक, हे मनातल्या मनात भाषांतर करत करत मी पुस्तकाच्या विसाव्या पानापर्यंत पोचलो आणि तिथे लिहिलं होतं, क्ष = क्ष + १.

दहावीला गणितात मला दीडशेपैकी एकशेचाळीसच्या वर मार्क होते, त्यामुळे हे मला वैयक्तिक अपमानासारखं वाटलं. दोन्ही बाजूंतून क्ष वजा करा, शून्य बरोबर एक उरतं. याला समीकरण म्हणायचं? मी शेजारच्या मुलाला विचारलं. तो म्हणाला, "सर म्हणतात तसं लिही ना." मी लिहिलं. पुढची दोन वर्षं लिहीतच गेलो.

बऱ्याच वर्षांनी रिची यांनी सीच्या जन्माबद्दल लिहिलेला लेख वाचला. बीसीपीएल नावाच्या आधीच्या भाषेत किंमत ठेवण्यासाठी कोलन आणि बरोबर अशी जोडी वापरत. त्यावरून रिचींचे सहकारी केन थॉम्पसन यांनी बी नावाची भाषा केली तेव्हा कोलन काढून नुसतं बरोबर ठेवलं, आणि तेच पुढे सीमध्ये आलं. रिची म्हणतात, तो आवडीनिवडीचा भाग होता. घ्या! कुणाच्या आवडीपायी खानदेशातल्या एका पोराच्या डोक्यावरून अख्खं सेमिस्टर गेलं.

मला हवा होता फक्त एक शब्द: ठेव. 'बरोबर' न वाचता 'ठेव' वाचायचं. क्षमध्ये काय आहे ते बघ, त्यात एक मिळव, आणि परत क्षमध्ये ठेव. डब्यातले लाडू मोज, एक वाढव, झाकण लाव. बरोबर आहे का हे विचारायचं असेल तर बरोबरचं चिन्ह दोनदा. भाचीला मी पहिल्याच दिवशी तिच्या पुस्तकातला प्रत्येक प्रोग्रॅम मोठ्याने मराठीत वाचायला लावला. 'जर अ बरोबर पाच असेल तर' असं वाचताना तिचंच बोट थबकलं, कारण कंसात बरोबरचं चिन्ह एकदाच होतं. "मामा, हे तर 'जर अमध्ये पाच ठेव' असं झालं." झालंच. आणि सी ते निमूट चालवून घेतो. पाच ठेवतो, पाच म्हणजे शून्य नाही, म्हणजे अट खरी, नेहमीच खरी. इशारे दाखवायला सांगितलेले असले तर कंपायलर, म्हणजे आपला प्रोग्रॅम यंत्राच्या भाषेत उतरवणारा प्रोग्रॅम, कुरकुरतो, पण थांबत नाही. मी तिला सगळे इशारे चालू करून दिले. कॉलेजात ते कुणी सांगितलं नव्हतं.

आमच्या वेळची प्रयोगशाळा म्हणजे निळा पडदा, टर्बो सी नावाचा जुना कंपायलर, एका संगणकावर दोघं-तिघं. कंट्रोल एफ नाइन दाबलं की काहीतरी चमकून जायचं आणि आल्ट एफ फाइव्ह दाबून आउटपुट बघायला लागायचं. निदान तसं सांगत. माझा हात की-बोर्डपर्यंत क्वचितच पोचायचा. खरं काम असायचं जर्नलचं. उद्देश, फ्लोचार्ट, प्रोग्रॅम, आउटपुट, निष्कर्ष. वरच्या वर्गातल्या मुलाचं जर्नल मिळवायचं आणि रात्री कॉटवर बसून उतरवायचं. आउटपुटसुद्धा. फ्लोचार्टसाठी तर माझ्याकडे हिरवा स्टेन्सिल होता, चौकट, चौकोन, लंबगोल, सगळं कसं कोरून काढल्यासारखं. सर पानं उलटत आणि लाल शाईने सही करत. तोंडी परीक्षेला पॉइंटरची व्याख्या विचारली, ती मी इंग्रजीत धाडधाड म्हटली. पास झालो. चांगल्या मार्कांनी.

मग सहा वर्षांनी चाकणच्या बाजूला कंट्रोल पॅनल करणाऱ्या एका छोट्या कारखान्यात नोकरी करताना साहेबांनी ८०५१ नावाच्या कंट्रोलर चिपचा बोर्ड हातात दिला. "तुला सी येतं ना? बायोडेटात लिहिलंयस." त्या चिपमध्ये आतली रॅम १२८ बाइट. किलोबाइट नव्हे, बाइट. त्या रविवारी मी अप्पा बळवंत चौकात जाऊन जुन्यातलं एक सीचं पुस्तक घेतलं. आधीच्या मालकाने पहिल्या तीन प्रकरणांत जवळपास प्रत्येक ओळ अधोरेखित केली होती. चौथ्यापासून पुस्तक कोरं. मला त्या अनोळखी माणसाबद्दल एकदम आपुलकी वाटली.

तेव्हा लागलेली सवय मी भाचीला लावली, ती एवढीच: आउटपुटवर पोस्टकार्ड ठेवायचं. पुस्तकात प्रोग्रॅम आला की त्याखालचं आउटपुट झाकायचं, समासात पेन्सिलने आपला अंदाज लिहायचा, मग पुस्तक मिटून तो प्रोग्रॅम आठवून टाइप करायचा आणि चालवायचा. जुळलं तर पुढे. नाही जुळलं तर पान उलटायचं नाही. पोस्टकार्ड आता घरात मिळत नाही, म्हणून आम्ही कुणाच्या तरी लग्नाची पत्रिका घेतली.

पहिले चार दिवस ती वैतागली. एका दिवसात दीड पान. "मामा, अशाने माझा जून येईल आणि जाईल." कारण अंदाज चुकायचे, आणि चुकले की कागदावर उभ्या रेघा मारून लूपच्या प्रत्येक फेरीत आय या चलाची किंमत काय, बेरजेची किंमत काय, हे हाताने मांडायला लागायचं. किराणा दुकानातल्या खतावणीसारखं. ते काम कंटाळवाणं आहे यात वाद नाही. पण चार फेऱ्या हाताने फिरवल्यावर पाचव्या फेरीला तिला पेन्सिल लागेना. बेरीज शून्यापासून सुरू करायचं विसरलं की त्या जागी आधी पडलेला कचराच बेरजेत येतो, हेही तिला तिच्याच उत्तरात उगवलेल्या एका सात-आठ आकडी संख्येने शिकवलं. कंपायलर एकदम सतरा चुका दाखवतो तेव्हा फक्त पहिली दुरुस्त करून पुन्हा चालवायचं, उरलेल्या सोळा बहुधा तिचीच पिल्लं असतात, हे मात्र मी सांगितलं. एवढी फसवणूक चालते.

अॅरे, म्हणजे एकाच जातीच्या डब्यांची रांग, शून्यापासून का मोजायचा, यावर तिच्या पुस्तकात 'सीमध्ये तशी पद्धत आहे' एवढंच होतं. पद्धत कसली? मी तिला एसटीची आठवण करून दिली. एसटीचं भाडं टप्प्यावर, एक टप्पा सहा किलोमीटरचा. जिथे बसलीस तिथे किती टप्पे झाले? शून्य. अॅरेच्या कंसातला आकडा हा क्रमांक नाहीच, तो सुरुवातीपासूनचं अंतर आहे. टप्पा मात्र प्रत्येक गाडीचा वेगळा: तिच्या लॅपटॉपवर इंटचा, म्हणजे पूर्णांकाचा, टप्पा चार बाइटचा, कॅरेक्टरचा, म्हणजे अक्षराचा, एकाचा. तिने पाच जणांच्या अॅरेचे मेमरीतले पत्ते छापून बघितले. प्रत्येक पत्ता आधीच्यापेक्षा चाराने मोठा. तिने छापण्याआधी अंदाज लिहिला होता आणि तो जुळला होता. त्या संध्याकाळी आईने केलेल्या आमरसाच्या तीन वाट्या तिने संपवल्या.

"आणि पाचच्या अॅरेत सहाव्या जागी ठेवलं तर?"

"कंडक्टर उठवत नाही," मी म्हणालो.

ही माझी जखम आहे. त्या ८०५१ च्या बोर्डावर मी तापमानाची पाच वाचनं अॅरेत घेत होतो आणि लूपच्या अटीत 'पेक्षा कमी'ऐवजी 'पेक्षा कमी किंवा बरोबर' लिहून बसलो होतो. सहावं वाचन अॅरेच्या बाहेर, शेजारच्या व्हेरिएबलवर जाऊन पडायचं, आणि शेजारी होता पंख्याचा टायमर. पंखा मधूनच बंद पडायचा, तोही प्रत्येक वेळी वेगळ्या वेळाने. मी रिले बदलला. वायरिंग बदललं. पॉवर सप्लायवर संशय घेतला. तीन दिवसांनी रात्री कागदावर डबे काढून मेमरी मांडली तेव्हा सहावा डबा काढायला पेन्सिल गेली आणि तशीच राहिली.

सी हे तपासत का नाही, याचं उत्तर या भाषेच्या जन्मात आहे. १९७०च्या सुमारास बेल लॅब्जमध्ये युनिक्स ही ऑपरेटिंग सिस्टीम घडवणारी टोळी ज्या पीडीपी-११ या संगणकावर काम करत होती त्यात सगळी मिळून मेमरी होती २४ किलोबाइट, आणि त्यातली बरीचशी ऑपरेटिंग सिस्टीमलाच लागायची. प्रत्येक वेळी कुंपण तपासायला ना जागा, ना वेळ. ज्यांनी भाषा केली तेच ती वापरणार होते आणि त्यांना कुंपण कुठे आहे ते ठाऊक होतं. आपल्याला नसतं.

पॉइंटरपाशी ती अडली, तशी सगळेच अडतात. अदलाबदलीचं फंक्शन, म्हणजे त्या कामापुरता वेगळा काढलेला प्रोग्रॅमचा तुकडा, अ आणि ब. फंक्शनच्या आत छापलं तर अदलाबदल झालेली, बाहेर येऊन छापलं तर जैसे थे. तिचा अंदाज चुकला होता, आणि पुस्तकातला कॉल बाय व्हॅल्यूचा परिच्छेद तिला शब्दशः पाठ होता. दोन्ही गोष्टी एकाच डोक्यात सुखाने नांदत होत्या.

आईच्या कपाटात आमच्या शेताच्या सातबाऱ्याच्या झेरॉक्स पडलेल्या असतात, कुठल्या ना कुठल्या कामाला लागतात म्हणून. एक काढून तिच्यापुढे ठेवली. "यावर आजोबांचं नाव खोडून तुझं लिही."

"लिहिलं."

"शेत तुझं झालं?"

ती हसली. "तलाठ्याकडे तर तेच राहणार."

"मग खरोखर बदलायचं असेल तर?"

"गट नंबर द्यायचा, अर्ज करायचा... फेरफार." आणि तिने एकदम टेबलावर हात आपटला. "म्हणजे फंक्शनला झेरॉक्स गेली होती! गट नंबर पाठवायला पाहिजे."

पॉइंटर म्हणजे गट नंबर. शेत नव्हे, शेत कुठे आहे ते सांगणारा आकडा. तारका म्हणजे त्या नंबरावरच्या शेतात प्रत्यक्ष जाणं, अँडचं चिन्ह म्हणजे शेताचा गट नंबर देणं. मी पुढे काही बोलणार, तेवढ्यात ती पानं मागे मागे उलटत पहिल्या प्रकरणापर्यंत गेली, जिथे किंमत आत घेणारं स्कॅनएफ आणि छापणारं प्रिंटएफ ही फंक्शनं होती. "म्हणून स्कॅनएफला अँडचं चिन्ह लागतं आणि प्रिंटएफला नाही! प्रिंटएफला नुसतं वाचायचंय, झेरॉक्स चालते. स्कॅनएफला मूळ नोंदीत लिहायचंय." हे मी तिला सांगितलं नव्हतं. खरं तर मी स्वतः हा धागा असा कधी जोडला नव्हता. अँडचं चिन्ह मी पहिली दोन वर्षं देवळात जाताना चपला काढाव्यात तसं लावत आलो होतो.

पुस्तकाशी भांडणं मात्र झाली. त्यात मेनच्या, म्हणजे प्रोग्रॅम जिथून सुरू होतो त्या फंक्शनच्या, आधी व्हॉइड लिहिलेलं. भाषेच्या प्रमाणात, म्हणजे अधिकृत नियमांत, तिथे इंट आहे. स्क्रीन पुसायचं जे फंक्शन प्रत्येक प्रोग्रॅमच्या सुरुवातीला येतं ते टर्बो सीचं घरगुती आहे, सीचं नाही. तिच्या लॅपटॉपवर ते चालेना. आणि आय प्लस प्लस अधिक प्लस प्लस आय (प्लस प्लस म्हणजे एकाने वाढव) याचं उत्तर काय, असल्या प्रश्नांचं एक पूर्ण पान. एकाच विधानात एकच चल दोनदा बदलला तर काय व्हायचं हे भाषेच्या प्रमाणाने ठरवलेलंच नाही, दोन कंपायलर दोन उत्तरं देतील आणि दोघांनाही मुभा आहे. "मग पेपरात काय लिहू?" तिने विचारलं. मी म्हणालो, पेपरात पुस्तकातलं लिही, मार्क घे, आणि नोकरीत असलं लिहिणारा भेटला तर त्याच्या शेजारी बसू नकोस. हा सल्ला फारसा अभिमानास्पद नाही, हे मलाही कळतं.

शेवटी फॅक्टोरियल, म्हणजे एकपासून त्या संख्येपर्यंत सगळ्यांचा गुणाकार. तिने इंट घेऊन एक ते पंधराची फॅक्टोरियलं छापली. बाराचं आलं ४७९००१६००. तेराचं आलं १९३२०५३५०४. अंदाजाच्या रकान्यात तिने फक्त 'बाराच्या तेरापट' लिहिलं होतं, म्हणून तिची नजर अडली: हे तर चारपटच आहे. चार बाइटच्या इंटमध्ये २१४७४८३६४७ च्या पुढे जागा नाही आणि खरं उत्तर सहाशे कोटींच्या वर आहे. भांडं भरून वाहिलं आणि उरलं तेवढं छापलं गेलं. मला या आकड्याची भीती वाटते. उत्तर उणे आलं असतं तर कुणीही चमकलं असतं. हा आकडा दिसायला अगदी सज्जन आहे.

"तुझ्या वेळी किती मावायचं?" तिने विचारलं.

"टर्बो सीत इंट दोन बाइटचा. ३२७६७ पर्यंत."

"म्हणजे सातचं ५०४० मावणार. आठचं ४०३२० नाही." तिने समासात काहीतरी वजाबाकी केली आणि विषय तिथेच राहिला.

दुसऱ्या दिवशी लोणच्याच्या बरण्या काढायला मी माळ्यावर चढलो, तर पितळी घंगाळाच्या मागे माझी डिप्लोमाची पिशवी सापडली. त्यात सीचं जर्नल, खाकी कव्हर, वर माझं वळणदार नाव. भाची ते घेऊन झोपाळ्यावर बसली. फ्लोचार्ट बघून म्हणाली, "केवढे सुंदर काढलेत!" मला बरं वाटलं. मग बराच वेळ काही बोलली नाही.

"मामा, हा प्रोग्रॅम तू चालवला होतास?"

प्रयोग क्रमांक नऊ. दिलेल्या संख्येचं फॅक्टोरियल काढणे. इंट आय, इंट फॅक्ट बरोबर एक. खाली चौकटीत आउटपुट: संख्या द्या, ८. फॅक्टोरियल, ४०३२०. निष्कर्ष: प्रोग्रॅम यशस्वीरीत्या चालवला. त्याखाली लाल शाईत सही आणि तारीख.

मी बरणी पुसत राहिलो. तिने कानामागची पेन्सिल काढली आणि माझ्या त्या आखीव चौकटीच्या शेजारी, समासात, बारीक अक्षरात लिहिलं: उणे २५२१६.